संप मिटवायचा कुणी?

परवा पुतण्याचा फोन आला. तो एका कारखान्यात मॅनेजर आहे. (कुठल्या ते लिहू नका काका, असं त्याने बजावलंय.) तिथे कामगारांनी संपाची नोटीस दिली आहे. "काका, त्यांचा हक्क मला मान्य आहे हो, पण कारखाना चालला तरच त्यांचाही पगार होणार ना?" इतिहासाच्या मास्तराला असं काही विचारू नये. फोनवर अर्धवट राहिलं ते इथे लिहितो.

१९८२ साली मी कोकणात आमच्या गावच्या हायस्कुलात शिकवत होतो. १८ जानेवारीला मुंबईतल्या गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार बाहेर. जूनमध्ये शाळा उघडली तर माझ्या आठवीच्या वर्गात सात नवी पोरं, लालबाग-परळच्या म्युनिसिपालिटीच्या शाळांचे सातवीचे दाखले घेऊन आलेली. आमचे धाकटे मामाही पत्र्याची ट्रंक घेऊन गावी आले. "गणपतीपर्यंत मिटेल," म्हणाले. गणपती गेले, शिमगाही गेला.

मिटला का नाही? याचं एक मूळ बरंच मागे आहे.

१९२८ मध्ये गिरण्या सहा महिने बंद होत्या. असं पुन्हा होऊ नये म्हणून १९३८ साली बाळासाहेब खेरांच्या मंत्रिमंडळाने औद्योगिक तंट्यांचा कायदा आणला. आधी नोटीस, मग समझोत्याची बोलणी. ते न करता संप केला तर तुरुंग. हेतू वाईट होता असं मी म्हणणार नाही. डॉ. आंबेडकरांनी मात्र विधिमंडळात कडाडून विरोध केला. संपाचा हक्क म्हणजे स्वातंत्र्याचाच हक्क, माणसाला मर्जीविरुद्ध कामाला जुंपणं ही गुलामगिरीच, असा त्यांचा मुद्दा. ७ नोव्हेंबरला त्यांचा स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्ट यांनी मिळून एक दिवसाचा संपही केला. (एरवी या दोघांचं फारसं पटत नसे!) पण कायदा व्हायचा तो झालाच.

पुढे १९४६ च्या कायद्याने एका भागातल्या एका धंद्यासाठी एकच प्रातिनिधिक युनियन ठरवायची सोय केली. करार करायचा तो तिनेच. मुंबईच्या गिरण्यांत हा मान राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडे गेला. कागदावर व्यवस्था चोख होती. रोज नवा पुढारी आणि रोज नवा संप, असं नको.

१९८१ च्या दिवाळीत बोनसवरून बिनसलं आणि कामगार दत्ता सामंतांकडे गेले. पगारवाढीबरोबर हा कायदाच रद्द करा, अशीही मागणी होती. मालक आणि सरकार म्हणे, आम्ही बोलू ते मान्यताप्राप्त युनियनशी. आणि संपावरची माणसं तर तिच्यामागे नव्हतीच! म्हणजे ज्यांना बोलायचा अधिकार त्यांचं कुणी ऐकेना, आणि ज्यांचं लोक ऐकत त्यांना बोलायला बोलावत नव्हते. गिरण्या चालू राहाव्यात म्हणून केलेल्या कायद्यानेच वाट अडवली.

डॉक्टरसाहेबांचंही चुकलं असं मला वाटतं. इंजिनिअरिंग कंपन्यांत मशीन थांबलं की मालक हवालदिल होई. इथे मालकांकडे न खपलेल्या कापडाचे साठे होते, शिवाय भिवंडीच्या यंत्रमागांवर कापड विणून मिळत होतं. वेळेवर काही पदरात पाडून मागे फिरायला हवं होतं. हे मी मामांसमोर एकदाच बोललो. ते जेवणावरून उठून गेले.

मामा वर्षभराने गिरणीत परत गेले, तर त्यांच्या साच्यावर दुसराच माणूस. संप अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही.

असो. पुतण्याला मी एवढंच विचारलं, "नोटीस दिलेल्या युनियनमागे माणसं किती?"

"ते मोजलं नाही काका. मालक म्हणतात, आपला करार जुन्या युनियनशी आहे."

"मग आधी मोज," म्हटलं. तो गप्प झाला. रविवारी पुन्हा फोन करतो म्हणालाय.