हमालाची नोंद आणि परमादेश

‘जालना सोने का पालना’ ही म्हण मराठवाड्यात सर्वश्रुत आहे. कापूस, सरकी, पुढे बियाणे आणि लोखंडी सळया यांनी हा पाळणा हलता ठेवला. पण हे सोने ज्यांनी डोक्यावरून वाहिले, त्या हमालांची नावे कोणत्या वहीत होती? असलीच तर मुकादमाच्या. आजच्या धाग्याचा विषय ही वही आहे.

अण्णासाहेब पाटलांच्या चळवळीच्या रेट्यातून १९६९ साली महाराष्ट्र माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगार अधिनियम झाला. हमालाला एक मालक नसतो. सकाळी या आडत्याकडे, दुपारी त्या गोदामात. म्हणून कायद्याने मध्ये मंडळ उभे केले. मालक आणि कामगार दोघांनीही तेथे नोंदणी करायची, मालकाने मजुरी व तिच्यावरील लेव्ही मंडळात भरायची आणि भविष्यनिर्वाह निधी, रजा, बोनस मंडळाने सांभाळायचे. रचना सुरेख आहे, पण ती सगळी एका नोंदीवर टांगलेली.

अधिकारी ‘नाही’ म्हणाला तर त्या आदेशाला आव्हान देता येते. तो काहीच म्हणाला नाही तर आव्हान कशाला द्यायचे? त्यात मालकाने ‘ही योजना मला लागूच नाही’ असा वाद काढला, की कलम ५ नुसार प्रश्न राज्य शासनाकडे जातो. शासनाने सल्लागार समितीला विचारून निर्णय द्यायचा. फाइल मुंबईला, हमाल मोंढ्यात.

या मौनावरचा उपाय म्हणजे परमादेश: कायद्याने सोपविलेले कर्तव्य पार पाडा, असा न्यायालयाचा हुकूम. मूळ इंग्लंडचे. ब्रिटिश हिंदुस्थानात तो अधिकार मुंबई, मद्रास व कलकत्ता या तीनच उच्च न्यायालयांकडे होता आणि तोही त्या शहरांपुरता. जालना तर सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात. २६ जानेवारी १९५० रोजी अनुच्छेद २२६ ने हा अधिकार प्रत्येक उच्च न्यायालयास दिला, तरी जालन्याच्या हमालासाठी ते दार दूरच राहिले. १९८१ मध्ये मे महिन्यात जालना जिल्हा झाला आणि ऑगस्टमध्ये औरंगाबादला खंडपीठ बसले. त्यालाही आव्हान मिळाले. सर्वोच्च न्यायालयाने ते खंडपीठ वैध ठरवले.

येथे एक गैरसमज दूर करावा. अशा याचिकेत न्यायालय सहसा स्वतः नोंदणी करीत नाही; ‘अमुक आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्या’ एवढेच सांगते. निर्णय विरुद्धही जाऊ शकतो. पुष्कळांना हा उपाय त्यामुळे पोकळ वाटतो. मला तसे वाटत नाही. कारणांसह लिहिलेल्या नकाराशी भांडता येते आणि मुदत मोडली तर अवमानाची कारवाई मागता येते. अट एक: आधी लेखी मागणी केलेली असावी. आवक शिक्का असलेली अर्जाची प्रत अशा प्रकरणात वकिलाच्या युक्तिवादाहून मोलाची ठरते.

हीच कथा देशव्यापी प्रमाणावर २०२१ मध्ये घडली. असंघटित कामगारांच्या नोंदणीसाठी राष्ट्रीय पोर्टल रखडल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २९ जून रोजी केंद्रीय कामगार मंत्रालयावर कठोर ताशेरे ओढले आणि ३१ जुलैपर्यंत नोंदणी सुरू करण्यास फर्मावले. ई-श्रम पोर्टल सुरू झाले २६ ऑगस्टला.