हवा पोचते, रक्त पोचत नाही

मोठ्या इस्पितळाच्या न्यूक्लिअर मेडिसिन विभागात धाप लागलेला रुग्ण येतो, तेव्हा त्याच्या छातीची दोन चित्रे काढतात. पहिल्यासाठी त्याने नळीतून किरणोत्सारी कणांचा फवारा श्वासाबरोबर आत ओढायचा, दुसऱ्यासाठी हाताच्या शिरेत इंजेक्शन घ्यायचे. गॅमा कॅमेरा पहिल्या चित्रात हवा कुठवर गेली ते टिपतो आणि दुसऱ्यात रक्त कुठवर गेले ते. मग डॉक्टर दोन्ही चित्रे शेजारी ठेवून पाहतात. हवा पोचली आहे पण रक्ताची जागा रिकामी आहे असा भाग दिसला, की तिथल्या रक्तवाहिनीत गुठळी अडकल्याची शंका घेतात. याला व्ही-क्यू स्कॅन म्हणतात, आणि जे सापडते त्याला सगळेच ‘मिसमॅच’ म्हणतात.

दोन्ही चित्रे एकत्र पाहावीत ही गोष्ट आज उघड वाटते. तिथवर यायला मात्र फार मोठा काळ गेला. फुप्फुसातून रक्त जाते हे 13व्या शतकात इब्न अल-नफीसने लिहून ठेवले होते. 1628 मध्ये विल्यम हार्वेने रक्ताभिसरण सिद्ध केले आणि 1661 मध्ये मार्चेल्लो माल्पिगीने बेडकाच्या फुप्फुसात केशवाहिन्या प्रत्यक्ष पाहिल्या. हवेकडून आलेली वाट आणि हृदयाकडून आलेली वाट कुठे भेटतात, हे तेव्हाच कळले होते. पण प्रत्येक भेटीच्या जागी दोघांचे प्रमाण जुळते का, हा प्रश्न पुढची अडीचशे वर्षे कोणी नीटसा विचारला नाही. हवा मोजणारे हवा मोजत राहिले आणि रक्त मोजणारे रक्त.

एकूण आकडे पाहिले तर त्यात दोष दिसतच नाही. स्वस्थ बसलेल्या माणसाच्या वायुकोशांत मिनिटाला साधारण 4 ते 5 लिटर ताजी हवा येते आणि फुप्फुसातून सुमारे 5 लिटर रक्त जाते. आता कल्पना करा, सगळी हवा उजव्या फुप्फुसात गेली आणि सगळे रक्त डाव्यात. दोन्ही बेरजा जशाच्या तशा राहतील, आणि माणूस काही मिनिटांत दगावेल. जीव बेरजेवर तगत नाही. तीस कोटींच्या आसपास असलेल्या वायुकोशांपैकी प्रत्येकात हवा आणि रक्त यांचा मेळ कसा बसतो, यावर तो तगतो.

हे पहिल्यांदा ज्याने स्पष्ट मांडले, तो ब्रिटिश शरीरशास्त्रज्ञ जॉन स्कॉट हॉल्डेन. पहिल्या महायुद्धात विषारी वायूने होरपळलेल्या सैनिकांचा प्रश्न त्याच्यापुढे होता. 1919 मध्ये मीकिन्स आणि प्रिस्टली यांच्यासह त्याने उथळ श्वसनावर निबंध लिहिला. उथळ श्वास फुप्फुसात सगळीकडे सारखा पसरत नाही आणि त्यामुळे रक्तातला ऑक्सिजन घटतो, असे त्यात म्हटले होते. यातली खरी मेख हिमोग्लोबिनमध्ये आहे. चांगली हवा मिळणाऱ्या भागातले हिमोग्लोबिन आधीच 97-98 टक्के भरलेले असते. तिथे कितीही जास्त हवा फिरवली तरी ते आणखी ऑक्सिजन घेऊ शकत नाही, म्हणून एका भागाची तूट दुसऱ्या भागातून भरून निघत नाही. कार्बन डायऑक्साइडची गोष्ट वेगळी आहे. जोराने श्वास घेतला की चांगला भाग तो जास्तीचा बाहेर टाकू शकतो. म्हणूनच रक्तात ऑक्सिजन कमी पण कार्बन डायऑक्साइड ठीक किंवा उलट कमीच, असा अहवाल आला की डॉक्टरांच्या मनात पहिल्यांदा मिसमॅच येतो.

हॉल्डेनने अडचण दाखवली, पण ती मोजायची कशी, हे सांगणारे गणित त्याच्याकडे नव्हते. ते दुसऱ्या महायुद्धात घडले, आणि या सगळ्या इतिहासात मला सर्वांत विलक्षण वाटतो तो हाच टप्पा. अमेरिकेत रॉचेस्टर विद्यापीठात वॉलेस फेन, हर्मन रान आणि आर्थर ओटिस या तिघांना लष्करी वैमानिकांसाठी संशोधन करायचे होते. उंचावर विरळ हवेत वैमानिक बेशुद्ध का पडतो, आणि दाबाखाली हवा दिली तर तो तगेल का? तिघांपैकी एकाचाही श्वसन हा विषय नव्हता. फेन स्नायूंचा अभ्यासक, रान पिच्युटरी ग्रंथीचा आणि ओटिस टोळाच्या अंड्यांतल्या विकरांचा. मला वाटते, नेमकी हीच गोष्ट त्यांच्या पथ्यावर पडली. हवा आणि रक्त यांचे वेगवेगळे कप्पे करायची सवय त्यांना लागलेलीच नव्हती.

युद्ध संपल्यावर, 1946 मध्ये, त्यांचा निबंध छापून आला. त्यातले समीकरण आज प्रत्येक वैद्यकीय विद्यार्थी पाठ करतो. बाहेरच्या हवेतला ऑक्सिजन आणि रक्तातला कार्बन डायऑक्साइड एवढे माहीत असले, की वायुकोशात ऑक्सिजन किती असायला हवा ते त्यावरून काढता येते. मग धमनीच्या रक्तात प्रत्यक्ष किती आहे ते मोजायचे आणि दोहोंतला फरक पाहायचा. फरक मोठा असेल तर हवा आत आली आहे, पण रक्तापर्यंत पोचलेली नाही. अतिदक्षता विभागात आजही रात्रीबेरात्री हा हिशेब होतो.

त्या तिघांनी आणखी एक काम केले. एका अक्षावर ऑक्सिजन, दुसऱ्यावर कार्बन डायऑक्साइड असा आलेख मांडला आणि त्यावर एक वक्ररेषा काढली. तिचे एक टोक म्हणजे अशुद्ध रक्त : जिथे हवा अजिबात येत नाही, हवा-रक्त गुणोत्तर शून्य. दुसरे टोक म्हणजे बाहेरची स्वच्छ हवा : जिथे रक्त अजिबात येत नाही, गुणोत्तर अनंत. त्या फुप्फुसातला कोणताही वायुकोश या रेषेवर कुठे ना कुठे बसणारच. 1949 मध्ये रानने ही कल्पना पूर्णत्वाला नेली. त्याच वर्षी न्यूयॉर्कच्या बेलव्ह्यू इस्पितळात रिचर्ड रायली आणि आंद्रे कूर्नां यांनीही तेच कोडे सोडवले, पण थेट रुग्णासाठी. फुप्फुसाचे त्यांनी तीन भाग मानले. एकात मेळ उत्तम, दुसऱ्यात हवा फुकट जाते, तिसऱ्यात रक्त फुकट जाते.

गणित जुळत होते त्याच सुमारास स्टॉकहोममध्ये उल्फ फॉन ऑयलर आणि योरान लिल्येस्ट्रांड यांनी मांजरांवर प्रयोग केला. कमी ऑक्सिजनची हवा दिल्यावर मांजराच्या फुप्फुसधमनीतला दाब वाढला. शरीरात इतरत्र याच्या उलट होते, ऑक्सिजन घटला की रक्तवाहिन्या रुंदावतात. 1946 च्या आपल्या निबंधात त्यांनी याचा अर्थही सांगितला : जिथे हवा खराब, तिथली वाट आवळायची आणि रक्त चांगल्या हवेकडे वळवायचे. म्हणजे रॉचेस्टरमध्ये कागदावर उतरलेले गुणोत्तर शरीर स्वतःच सांभाळत होते. दम्यात किंवा न्यूमोनियात व्ही-क्यू स्कॅनवर बहुधा दोन्ही चित्रे एकाच जागी फिकी पडतात, त्याचे मोठे कारण हेच. हवा अडली की रक्तही मागे सरते. गुठळीत मात्र रक्त अडते आणि हवा येतच राहते.

छातीच्या आत कुठे काय चालले आहे, हे अजून कोणी पाहिले नव्हते. लंडनच्या हॅमरस्मिथ इस्पितळाच्या आवारात 1955 मध्ये वैद्यकासाठी सायक्लोट्रॉन सुरू झाला. त्यात किरणोत्सारी ऑक्सिजन-15 तयार होई. त्याचे अर्धे आयुष्य जेमतेम 2 मिनिटे, म्हणून रुग्ण यंत्राच्या जवळच असावा लागे. जॉन वेस्ट हा ऑस्ट्रेलियन तरुण आणि चार्ल्स डॉलरी यांनी त्या ऑक्सिजनपासून बनवलेला कार्बन डायऑक्साइड बसलेल्या माणसांना हुंगायला दिला, श्वास रोखायला सांगितला आणि छातीवर किरणोत्सार मोजणारी यंत्रे लावली. तळाशी किरणोत्सार झपाट्याने नाहीसा झाला, कारण रक्ताने तो उचलून नेला. शिखराशी तो जवळजवळ तसाच राहिला. ताठ बसलेल्या माणसाच्या फुप्फुसाच्या टोकाला रक्त जेमतेमच पोचत होते.

कारण साधे आहे. फुप्फुसधमनीतला सरासरी दाब पाऱ्याच्या 15 मिलिमीटरच्या आसपास असतो आणि फुप्फुसाची उंची सुमारे 30 सेंटिमीटर. एवढ्याशा दाबाने रक्त वर चढवायचे म्हणजे शेवटच्या मजल्यावर पाणी येण्यासारखेच. 1962 मध्ये वेस्टने हिशेब छापला : शिखराशी हवा-रक्त गुणोत्तर सुमारे 3.3, तळाशी 0.6. निरोगी फुप्फुसातही मेळ सगळीकडे सारखा नसतो, हे त्याने आकड्यांत दाखवले. क्षयाचे जंतू मोठ्या माणसांत बहुधा वरच्या टोकालाच का घर करतात, याचे एक संभाव्य उत्तरही त्यात होते. तिथे रक्त कमी, म्हणून ऑक्सिजन जास्त, आणि या जंतूंना ऑक्सिजन आवडतो.

2021 च्या एप्रिलमध्ये केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने घरी असलेल्या कोरोना रुग्णांना पालथे झोपण्याचा सल्ला दिला, त्यामागेही हेच शास्त्र होते. पालथे झाल्यावर पाठीकडचे दबलेले वायुकोश उघडतात आणि पाठीकडे रक्ताचा ओघ बराचसा टिकून राहतो. हवा तिथे आली की बोटावरच्या ऑक्सिमीटरचा आकडा वर चढतो. तो महिना आठवला की अजून जीव कासावीस होतो.

हॅमरस्मिथचा सायक्लोट्रॉन प्रत्येक गावाला मिळणे शक्य नव्हते. रोजच्या वापरातला स्कॅन दुसऱ्या वाटेने आला. कॅलिफोर्नियात जॉर्ज टॅपलिनने रक्तातल्या अल्ब्युमिनचे बारीक गोळे करून त्यांना किरणोत्सारी आयोडीन जोडले. शिरेतून गेलेले हे कण फुप्फुसाच्या सूक्ष्म वाहिन्यांत अडकतात, जिथे रक्त जाते तिथेच दिसतात, आणि काही तासांत विरघळतात. लाखो कण दिले तरी हजारात एकही वाहिनी अडत नाही. 1964 मध्ये जॉन्स हॉपकिन्सच्या हेन्री वॅग्नर आणि सहकाऱ्यांनी याच पद्धतीने मोठ्या गुठळ्यांचे निदान करून दाखवले. पुढे आयोडीनची जागा टेक्नेशियमने घेतली. त्याचे अर्धे आयुष्य 6 तास. ते मॉलिब्डेनमपासून इस्पितळातच मिळते, मिठाच्या पाण्याने रोज त्याची ‘धार काढतात’. ट्रॉम्बेच्या अणुशक्ती आस्थापनाने 1963 मध्येच परळला रेडिएशन मेडिसिन सेंटर उभे केले होते, त्यामुळे मुंबई या विद्येत फार मागे राहिली नाही.

स्कॅनच्या मर्यादा 1990 मध्ये उघड झाल्या. पायोपेड या अमेरिकी अभ्यासात, ज्यांच्या स्कॅनने गुठळीची दाट शक्यता दाखवली त्यांच्यापैकी 88 टक्के रुग्णांत ती खरोखर निघाली. पण गुठळी असलेल्या एकूण रुग्णांपैकी फक्त 41 टक्क्यांचाच स्कॅन इतका ठाम होता. बाकीच्यांचा अहवाल अधांतरी. दोनच वर्षांत फ्रान्समध्ये मार्टीन रेमी-जार्दां यांनी स्पायरल सीटीने गुठळी थेट दाखवली, आणि आज तातडीच्या वेळी बहुतेक ठिकाणी सीटीच करतात. ते योग्यच आहे.

पण गुठळी जुनी झाली, वाहिनीच्या भिंतीला चिकटून बसली, की सीटीत ती निसटू शकते. अशा रुग्णाचा फुप्फुसधमनीतला दाब हळूहळू चढत जातो, हृदयाची उजवी बाजू थकते, आणि त्याला वर्षानुवर्षे दमा किंवा वयोमान सांगितले जाते. इथे व्ही-क्यू स्कॅन अजून पुढे आहे : तो स्वच्छ निघाला तर हा आजार जवळजवळ नक्की नाही. आजार सापडला तर त्यावर इलाजही आहे. शरीर गार करून, रक्ताभिसरण काही मिनिटे थांबवून, शल्यविशारद ती जुनी गुठळी वाहिनीच्या आतल्या थरासकट सोलून काढतात, आणि धापेने चार पायऱ्या चढू न शकणारी माणसे पुन्हा चालू लागतात. म्हणून गुठळीवर तीन महिने रक्त पातळ करणारी औषधे घेऊनही धाप कमी होत नसेल, तर रुग्णाने किंवा घरच्यांनी आपल्या डॉक्टरांना या स्कॅनबद्दल जरूर विचारावे.