सांगलीकर नाटक मंडळी : राजाश्रयाकडून लोकाश्रयाकडे

मराठी रंगभूमीच्या इतिहासांत इ. स. १८४३ या सालास जो मान आहे तो सर्वश्रुतच आहे. त्या वर्षीं सांगली येथें विष्णु अमृत ऊर्फ विष्णुदास भावे यांनीं 'सीतास्वयंवर' हें आख्यान श्रीमंत चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धन यांच्यासमोर करून दाखविलें. त्याच्या स्मरणार्थ ५ नोव्हेंबर हा दिवस 'मराठी रंगभूमी दिन' म्हणून पाळला जातो. परंतु एखादा खेळ प्रथम होणें ही एक गोष्ट, आणि त्या खेळावर पोट भरणारी मंडळी उभी राहणें ही दुसरी. या दोहोंमध्यें सुमारें दहा वर्षांचें अंतर आहे. तें अंतर कोणत्या संकटानें कापलें गेलें, याचा विचार प्रस्तुत लेखांत करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

प्रथम एका आक्षेपाचा परामर्श घेतला पाहिजे. तंजावरचे शाहजी राजे भोसले (कारकीर्द १६८४ ते १७१२) यांनीं मराठींत नाटकें रचिलीं होतीं, व त्यांच्या घराण्याचा ग्रंथसंग्रह सरस्वती महालांत आजही आहे. म्हणजे 'सीतास्वयंवरा'च्या दीडशें वर्षांपूर्वीं मराठी नाटक होतें. कोंकण व गोमंतकांतील दशावतारी खेळ, तसेंच उत्सवांतील ललितें, हींही भाव्यांच्या आधींचींच. तेव्हां केवळ प्रथमत्वाच्या जोरावर भाव्यांस आद्यत्व देऊं गेल्यास तें टिकणार नाहीं. पण तंजावरचें नाटक दरबारांत जन्मलें आणि दरबाराच्या भिंतींतच राहिलें. सांगलीचें नाटक मात्र दरबार सोडून गांवोगांव गेलें, आणि आजच्या मराठी रंगभूमीचा धागा मागें मागें नेला असतां तो त्याच्यापाशीं जाऊन पोंचतो. भाव्यांचें खरें आद्यत्व आम्हांस येथें दिसतें.

हें नाटक याच भूमींत कां उगवलें, हेंही पाहण्यासारखें आहे. सांगलीहून पूर्वेकडे निघालें म्हणजे कृष्णाकांठची काळी जमीन सुटून जतचा दुष्काळी माळ लागतो. जत ही सातारकर छत्रपतींच्या जहागीरदारांपैकीं डफळे घराण्याची जहागीर. १९४८ सालीं ती मुंबई प्रांतांत विलीन झाली, १९४९ सालीं दक्षिण सातारा जिल्ह्यांत आली, आणि १९६० सालीं त्या जिल्ह्यास सांगली हें नांव मिळालें. या मुलखांत मराठी व कानडी या दोन भाषा एकाच बाजारांत, एकाच यात्रेंत, पुष्कळदां एकाच घरांत नांदत आल्या आहेत. खुद्द सांगली संस्थानाच्या ताब्यांत तेरदाळ, शहापूर, शिरहट्टी यांसारखा कानडी मुलूख होता. म्हणून कानडी खेळ हा येथील दरबारास परका नव्हता. इ. स. १८४२ मध्यें उत्तर कानड्यांतील कर्की येथील भागवत मंडळी सांगलीस येऊन यक्षगानाचे खेळ करून गेली. ते पाहून आप्पासाहेबांच्या मनांत आलें कीं, असे खेळ अधिक नेटके करून मराठींत कां होऊं नयेत? हें काम त्यांनीं आपल्या पदरच्या अमृतराव भावे यांच्या चिरंजीवांवर सोंपविलें. विष्णुदास तेव्हां चोवीस वर्षांच्या आंतबाहेरचे असून पदें रचणें व बाहुल्या घडविणें यांत त्यांचा हात चालत असे.

या खेळाची घडण अशी होती : आरंभीं सूत्रधार व त्याचे साथीदार मंगलाचरण करीत, विदूषक येऊन थट्टामस्करी करी, मग गणपति व सरस्वती यांचें आगमन होई आणि पुढें आख्यान लागे. पदें सूत्रधारानें म्हणावयाचीं. पात्रांनीं त्या प्रसंगास अनुसरून भाषण करावयाचें. हें भाषण लिहून दिलेलें नसे; नटानें तें आयत्या वेळीं, आपल्या बुद्धीप्रमाणें जोडावयाचें. देव, राक्षस, ऋषि व स्त्रिया यांचे निरनिराळे ताफे असत. स्त्रियांचीं सोंगें पुरुषच घेत. राक्षसांच्या आरडाओरडीवरून पुढील काळच्या सुशिक्षितांनीं या नाटकांस 'अललडुर्र' असें उपहासाचें नांव दिलें. तथापि या घडणींतील एक गोष्ट व्यवहाराच्या दृष्टीनें फार महत्त्वाची आहे. ज्या नाटकांत गद्य संहिताच नाहीं, त्या नाटकाचें भांडवल म्हणजे शिकून तयार झालेलीं माणसें. दरबारच्या खर्चानें आठ वर्षें जें तयार झालें तें हेंच भांडवल होय.

१५ जुलै १८५१ रोजीं आप्पासाहेब निवर्तले. त्यांचे चिरंजीव धुंडिराज तात्यासाहेब अल्पवयी होते. नाटकाचा आश्रय तुटला. मंडळींस दिलेलीं वचनें धन्याबरोबरच गेलीं, आणि विष्णुदासांच्या मागें कर्ज मात्र उरलें. आजवर जे नट राजाज्ञेनें रंगत होते, त्यांचा निर्वाह आतां कोणी करावयाचा? अशा वेळीं मंडळी मोडून घरोघर जाणें हेंच स्वाभाविक होतें. तंजावरप्रमाणें सांगलीचें नाटकही येथेंच संपतें, तर आज त्याचें नांव एखाद्या दप्तराच्या कोपऱ्यांत सांपडलें असतें. विष्णुदासांनीं मंडळी मोडली नाहीं. ते तिला घेऊन बाहेर पडले.

या फिरतींत पुणें झालें, आणि १८५३ सालीं मुंबई झाली. मुंबईंत जगन्नाथ शंकरशेट यांच्या जागेवर १८४६ सालीं उभें राहिलेलें ग्रँट रोडचें नाटकगृह होतें. तेथें सांगलीकरांनीं तिकिटें लावून खेळ केले. डॉ. भाऊ दाजी यांच्यासारखीं विद्वान् माणसें त्यांच्या पाठीशीं उभीं राहिलीं. मुंबईच्या बहुभाषी प्रेक्षकांसाठीं 'राजा गोपीचंद' हें आख्यान विष्णुदासांनीं हिंदुस्थानी भाषेंत केलें. त्याच वर्षाच्या ऑक्टोबरांत, त्याच नाटकगृहांत, पारशी नाटक मंडळीचा पहिला खेळ झाला. राजवाड्याच्या चौकांत एका धन्याच्या मर्जीवर जें चाले, तें आतां पैसे मोजून आलेल्या अनोळखी माणसांच्या पसंतीवर चालूं लागलें. मर्जी एकदां संपादिली म्हणजे पुष्कळ दिवस पुरते. पसंती मात्र रोज रात्रीं नव्यानें मिळवावी लागते. धंदेवाईक रंगभूमीचा सारा इतिहास, तिचे गुण आणि तिचीं व्यसनें, या एका फरकांत सांठविलेलीं आहेत.

धंदा चालतो असें दिसतांच दुसऱ्या मंडळ्या निघाल्या. इचलकरंजीकर, आळतेकर, कोल्हापूरकर हीं नांवें पाहिलीं तर सांगलीच्या शेजारचींच गांवें डोळ्यांपुढें येतात. संहिता नसल्यामुळें चोरावयास कांहींच नव्हतें. खेळ अंगीं मुरलेला एखादा माणूस हातीं आला कीं नव्या मंडळीचा पाया पडे. १८६१ सालीं विनायक जनार्दन कीर्तने यांचें 'थोरले माधवराव पेशवे' हें नाटक पुढें आलें व लिहिलेल्या गद्याचा काळ सुरू झाला; त्याच सुमारास विष्णुदासांनीं मंडळींतून अंग काढून घेतलें. १८४३ सालींच जन्मलेले अण्णासाहेब किर्लोस्कर यांनीं ३१ ऑक्टोबर १८८० रोजीं पुण्यास 'संगीत शाकुंतल' रंगभूमीवर आणलें. अण्णासाहेबांचें गांव गुर्लहोसूर, म्हणजे तेंही कानडी मुलखांतीलच! त्यांचे सहकारी गोविंद बल्लाळ देवल सांगलीजवळच्या हरिपूरचे. विष्णुदासांनीं आपलीं आख्यानें १८८५ सालीं 'नाट्यकवितासंग्रह' या नांवानें छापलीं, आणि ९ ऑगस्ट १९०१ रोजीं ते वारले. नव्या संगीत नाटकाच्या झगमगाटापुढें त्यांचा खेळ जुनापुराणा ठरलेला त्यांनीं हयातींतच पाहिला.

आमचें म्हणणें थोडक्यांत असें. १८४३ चा मान काढून घ्यावा असें आम्ही म्हणत नाहीं; आप्पासाहेबांची रसिकता व उदारता हीं वंदनीयच आहेत. पण त्या सालाशेजारीं १८५१ ते १८५३ हीं वर्षेंही लिहिलीं पाहिजेत. राजानें आज्ञा केल्यावर नाटक करणारे पुष्कळ निघतील. राजा गेल्यावर, कर्ज डोक्यावर असतां, सोंगांचे पेटारे घेऊन परमुलखाची वाट धरणारे विरळा. त्या पेटाऱ्यांबरोबर जे सूत्रधार, मृदंगिये, राक्षस आणि स्त्रीवेषधारी मुलगे चालत गेले, त्यांचीं नांवें स्मरणदिनीं कोणी घेत नाहीं. कृष्णाकांठापासून जतच्या माळापर्यंत ज्या घराण्यांतून जुनीं दप्तरें आहेत, त्यांनीं मंडळ्यांचे करारनामे, जमाखर्चाच्या वह्या व बिदाग्यांच्या नोंदी दिसल्यास त्या रद्दी समजूं नयेत. मराठी नाटक जगलें कसें, याचा हिशेब त्या वह्यांतच लिहिलेला असतो.