दौतीत दूध

वसंत पंचमी दोन दिवसांवर आली की हावड्याच्या बाजारांत मातीच्या दौती येतात. कदमतळ्याला जा, शिवपूरला जा, सरस्वतीच्या मूर्ती रस्त्यावर ओळीनं मांडलेल्या असतात. जवळच पळसाची फुलं, बोरं, जवाच्या ओंब्या, आणि त्यांच्या शेजारी टोपलीत या दौती. उंची अंगठ्याएवढी. तोंड इतकं अरुंद, की करंगळीचं टोक तेवढं आत जावं. सोबत बोरू मिळतो, त्याला इकडे ‘खागेर कलम’ म्हणतात. घरी नेल्यावर या दौतीत शाई घालत नाहीत. तिच्यात दूध भरतात, बोरू उभा करतात आणि देवीपुढे ठेवतात. वह्या-पुस्तकंही तिथेच. पंचमीच्या दिवशी मुलांनी वाचायचं नाही की लिहायचं नाही.

मराठी माणसाला हे पाहून घर आठवतं. आपल्याकडे दसऱ्याला पाटीपूजन असतं आणि दिवाळीत वहीपूजनाला दौत-लेखणी मांडतात. दौतीत महाकालीचं आणि लेखणीत सरस्वतीचं आवाहन करतात. बंगालीत दौतीला ‘दोआत’ म्हणतात. आपली दौत आणि त्यांची दोआत या सख्ख्या बहिणी. दोघी अरबी ‘दवात’च्या लेकी, फारसी दफ्तरांतून इकडे आलेल्या. शाईच्या बाबतीत मात्र दोन घरं वेगळी झाली. आपण ‘शाई’ फारसी ‘सियाही’वरून घेतली, बंगाल्यांनी तिला सरळ ‘कालि’ म्हटलं. दोन्हींचा अर्थ एकच, काळेपणा. त्याआधीचा संस्कृत शब्द मसी. तिचं भांडं ते मसीपात्र.

भांड्याचं तोंड अरुंद का, याचं उत्तर शाईत आहे. जुनी देशी शाई काजळाची. दिव्याची काजळी आणि बाभळीचा डिंक पाण्यात तासन्‌तास घोटून ती करत. काजळ म्हणजे कोळसाच, उजेडानं किंवा हवेनं त्याचा रंग उडत नाही. म्हणून मोडीतले जुने कागद आजही काळेभोर दिसतात. तिचे शत्रू दोन: कागदावर पडलेलं पाणी आणि दौतीतून उडून जाणारं पाणी. तोंड लहान ठेवलं की शाई लवकर सुकत नाही. आत चिंधीचा बोळा ठेवला की दौत कलंडली तरी सांडत नाही, आणि बोरूला दर खेपेला बेताचीच शाई लागते.

दुसरी शाई हिराकसाची, आणि खरी जादू हिच्यात. हिरडा किंवा माजूफळ उकळून काढलेल्या तुरट काढ्यात हिराकस घालायचा. ताजी शाई फिकी असते. लिहिताना अक्षर धड दिसतही नाही. मग हवा लागते, हिराकसातलं लोह प्राणवायूशी जुळतं आणि अक्षर आपोआप काळं होत जातं. आज लिहिलेलं उद्या अधिक ठळक. पण हाच बदल दौतीत झाला तर शाई वाया जाते, कारण गाळ खाली बसतो आणि वर पाणी उरतं. म्हणून हिला अरुंद तोंडावर घट्ट झाकणही लागतं. शाईचा काळ कागदावर सुरू व्हावा, भांड्यात नव्हे, एवढ्यासाठी ही सारी राखण. पुढे फाउंटन पेनवाल्यांनी हिच्यात निळा रंग मिसळला. लिहिताना निळी, मग काळी. ‘ब्लू-ब्लॅक’ हे नाव त्यावरूनच पडलं. हिचा एक दोषही सांगायला हवा: आम्ल जास्त झालं तर वर्षानुवर्षांनी ती कागदालाच खाते.

बोरूच्या लिपीचं या भागाशी जुनं नातं आहे. हावड्याहून लोकलनं गंगेच्या त्याच काठानं वर गेलं की श्रीरामपूर लागतं. तिथल्या मिशनच्या छापखान्यात विल्यम कॅरीनं १८०५ साली मराठीचं व्याकरण छापलं आणि १८१० मध्ये मराठी कोश, तोही मोडी खिळ्यांत. हाताशी होते वैजनाथ पंडित. बोरूनं झरझर लिहायची लिपी गंगेच्या काठी शिशात ओतली गेली, हे मला आजही नवलाचं वाटतं.

काचेच्या दौतीचं बंगाली घराणं त्यामानानं अलीकडचं. परदेशी शाई नको, स्वदेशी हवी, या गांधीजींच्या आग्रहातून १९३४ साली राजशाही शहरात मैत्र बंधूंनी ‘सुलेखा’ शाई सुरू केली. पुढे कारखाना कोलकात्यात यादवपूरला आला आणि तिथल्या चौकाला सुलेखाचंच नाव पडलं. बॉलपेन आल्यावर दौती ओस पडल्या, ऐंशीच्या दशकाच्या शेवटी कारखानाही बंद झाला. २०२० मध्ये सुलेखाची शाई पुन्हा बाजारात आली.

मातीची दौत मात्र कधी बंद पडलीच नाही. पूजेच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मुलं अंघोळ करून येतात, बोरू दुधात बुडवतात आणि बेलाच्या पानावर देवीचं नाव लिहितात. पान हिरवंगार, तुकतुकीत. दुधाचा थेंब त्यावर ठरत नाही, घरंगळतो. लहान मूल जीभ बाहेर काढून, मान वाकडी करून अक्षर गिरवतं. ओलं असेतो पांढरी रेघ दिसते, वाळली की जवळजवळ नाहीशी होते. दूध ही फार जुनी गुप्त शाई आहे. कागदावर दुधानं लिहून तो दिव्यावर दुरून शेकला की दूध आधी करपतं आणि तपकिरी अक्षरं वर येतात. पूजेतलं पान कुणी शेकत नाही. ते देवीला वाहतात, आणि मूर्तीबरोबर गंगेत सोडतात.

माघात हावड्याला येणं झालं तर त्या टोपलीतली एक दौत जरूर घ्या. घरी दुधाची पूजा झाली की धुऊन वाळवा, काजळाची शाई घोटून तिच्यात भरा आणि मुलांच्या हाती बोरू द्या.