गढीतले भूत आणि पडद्यावरची हवेली

आमच्या आदिलाबादकडे मराठी माणूस ‘गढी’ म्हणतो आणि तेलुगू माणूस ‘गडी’. वास्तू तीच, फरक फक्त उच्चाराचा. भुतांच्या बाबतीत मात्र दोन्ही भाषांचे संसार वेगळे. आमची हडळ, मुंजा, खवीस. त्यांचे ‘दय्यम’, ‘कोरिवी दय्यम’. पण लहानपणी आजीकडून आणि तेलुगू शेजारणीकडून ज्या गोष्टी ऐकल्या, त्यांत ही सारी मंडळी घराबाहेरच राहत. मुंजा पिंपळावर, हडळ विहिरीपाशी, बाकीचे चिंचेखाली नाहीतर शिवेवर. शनिवारवाड्यासारखा अपवाद सोडला, तर जिन्या-दालनांच्या वाड्यात भुताचे बिऱ्हाड थाटले ते सिनेमाने, आणि ते आमच्या बैठकीत आणून सोडले दूरचित्रवाणीने.

सिनेमातल्या जुन्या हवेल्या श्रीमंत होत्या. ‘महल’ 1949 चा, ‘बीस साल बाद’ 1962 चा. दोन्हींत शेवटी खुलासा होतो. भूत म्हणजे कुणा माणसाचीच करणी निघते. खुलासा न करणारे भूत गरिबीतून आले, असे माझे मत आहे. फाळणीनंतर कराचीहून मुंबईत आलेल्या फतेहचंद रामसे यांचे रेडिओचे दुकान होते. त्यांनी काढलेला ‘एक नन्ही मुन्नी लडकी थी’ हा 1970 चा चित्रपट पडला. पण त्यात मुखवटा घालून चोरी करणाऱ्या पृथ्वीराज कपूरांचा एक प्रसंग होता आणि लोक तेवढ्यासाठी येत होते, हे त्यांच्या मुलांनी हेरले. त्यातून 1972 साली ‘दो गज जमीन के नीचे’ निघाला. चित्रण महाबळेश्वरला, खर्च काही लाखांचा. सात भावांनी कामे वाटून घेतली : तुलसी आणि श्याम दिग्दर्शनाला, गंगू कॅमेऱ्याला, किरण आवाजाला, अशी. घरचेच कारागीर, घरचाच स्वयंपाक.

भुताची हवेली ही हिशेबाने पाहिली तर फार सोयीची वस्तू आहे. एकच जागा, चार-पाच नट, रात्रीची वेळ. अंधारात नेपथ्य दाखवावे लागत नाही. थोडा धूर, निळा उजेड, करकरणारे दार. दार उघडायला जितका वेळ लागेल तितके कथानक कमी लागते!

2 ऑक्टोबर 1992 रोजी झी टीव्ही सुरू झाला आणि ऑगस्ट 1993 मध्ये श्याम आणि तुलसी रामसे यांचा ‘झी हॉरर शो’ त्यावर आला. पहिली कथा ‘दस्तक’. एकेक कथा काही आठवडे पुरे. म्हणजे अल्प खर्चात काढलेला भयपटच तुकडे करून घराघरांत पोचवला जाई. मी तेव्हा नुकताच शिक्षक म्हणून लागलो होतो. गल्लीत केबल आली होती आणि ज्यांच्या घरी होती त्यांच्या ओसरीवर मराठी, तेलुगू, उर्दू बोलणारी पोरे एकाच सतरंजीवर गोठून बसत. भुताला भाषा लागत नाही. दुसऱ्या दिवशी प्रार्थनेच्या रांगेत तीच गोष्ट तिन्ही भाषांत चाले.

साहेबाच्या देशातही तेव्हा हेच चालले होते, पण तिकडचा धडा कठोर होता. 31 ऑक्टोबर 1992 च्या रात्री बीबीसीने ‘घोस्टवॉच’ नावाचे नाटक दाखवले : लंडनमधले एक साधे घर, त्यात भूत, आणि मायकेल पार्किन्सन हे खरेखुरे निवेदक जणू थेट प्रक्षेपण करीत आहेत. असंख्य प्रेक्षकांना ते खरे वाटले. पुढे एका तरुणाने आत्महत्या केली आणि आईवडिलांनी या कार्यक्रमाला दोष दिला. बीबीसीने तो तिकडे पुन्हा दाखवला नाही. आमच्याकडे कार्यक्रम खोटा आहे हे सर्वांना ठाऊक होते. खऱ्याचा प्रश्न गल्लीत होता.

मराठवाडा आणि तेलंगण यांच्या सीमेवर भानामती ही गोष्ट नाही, आरोप आहे. तेलुगूत ‘बाणामती’. यंडमूरी वीरेंद्रनाथांची ‘तुलसीदळम्’ शेजारी वाचत, त्यांचा ‘काश्मोरा’ आमच्याही तोंडी बसला होता. त्या वर्षी आठवीतल्या एका मुलीच्या विधवा आजीवर बोट ठेवले गेले. शेजारचे मूल तापाने फणफणले, एवढेच कारण. मालिकेने ही समजूत निर्माण केली असे मी म्हणणार नाही, ती फार जुनी आहे. पण पोरांनी म्हातारीला जे नाव ठेवले ते मालिकेतले होते. मुलगी पंधरा दिवस शाळेत आली नाही. मी घरी गेलो, समजावले, मुलगी आली. आजी मात्र पैनगंगेपलीकडे लेकीकडे गेली ती परतली नाही. 1956 साली किनवट पलीकडे गेले, आम्ही अलीकडे राहिलो. डॉ. नरेंद्र दाभोलकरांनी ज्याच्यासाठी आयुष्य वेचले तो जादूटोणाविरोधी कायदा त्यांच्या खुनानंतर, 2013 साली झाला, तोही पलीकडचाच.

हवेलीच्या कथेत एक न्याय असतो, हे मला त्या दिवसांत सुचले. पूर्वजाने, बहुधा कुणा ठाकुराने, पाप केलेले असते आणि ते त्याच्याच वंशजांना भोवते. ‘पुराना मंदिर’मध्येही (1984) पूर्वजाला मिळालेला शाप वंशजांना भोवतो. गल्लीतला न्याय उलटा : ज्याच्यामागे कोणी नाही, त्याच्याच माथी पाप.

पोरे शाळेच्या वाटेवरची पडकी गढी टाळून लांबून येऊ लागली, तेव्हा एका शनिवारी मी वर्गच तिकडे नेला. चिरेबंदी दरवाजा, ढासळलेला बुरूज, आत धान्याची पेवे. पेवात वटवाघळे, माळ्यावर पांढऱ्या तोंडाच्या घुबडाची जोडी. तिचा फिस्कारा ऐकून आधी मीच दचकलो. मी इतिहास सांगितला : सप्टेंबर 1948 ची पोलीस कारवाई, 1949 साली निजामाच्या राज्यातली जहागीरदारी रद्द, त्याच सुमाराचा तेलंगणातला शेतकऱ्यांचा सशस्त्र लढा, आणि 1978 नंतर पुन्हा उसळलेल्या चळवळीमुळे गड्या सोडून शहरात गेलेले दोरा.

जवळच शेळ्या राखणारा एक म्हातारा ऐकत उभा होता. तरुणपणी त्याने याच गढीत वेठ केली होती, तेलुगूत ‘वेट्टी’. एका पोराने त्याला तेलुगूतून विचारले, ‘‘ताता, इथे रात्री रडण्याचे आवाज येत का?’’

‘‘येत असत,’’ म्हातारा म्हणाला, ‘‘दोरा इथे राहत होता तोवर. आता नाही येत.’’