मूकपटातला खलाशी आणि त्याची थाळी

मूकपटांच्या काळात कॅमेरा युद्धनौकेवर चढला, तेव्हा त्याने खलाशाचे कोणते आयुष्य टिपले? आज दोन उदाहरणे पाहू.

पहिले इंग्लंडचे. पोर्ट्समथजवळच्या साउथसी इथले छायाचित्रकार आल्फ्रेड वेस्ट १८९८ साली 'क्रेसंट' या युद्धनौकेवर कॅमेरा घेऊन गेले. पुढे पंचम जॉर्ज झालेले राजपुत्र तेव्हा तिचे कप्तान होते. वेस्ट यांनी टिपलेली दृश्ये त्याच वर्षी व्हिक्टोरिया राणीनेही पाहिली. पुढे 'अवर नेव्ही', म्हणजे 'आपले नौदल', या नावाने त्यांचे खेळ लंडनमध्ये अनेक वर्षे चालले. कवायती, तोफा, शिस्त पाहून तरुणांना नौदलाची ओढ लागे. हे चित्रण अधिकाऱ्यांच्या संमतीने झालेले. तक्रार करणारा खलाशी त्यात येणार कुठून?

दुसरे उदाहरण रशियाचे. आयझेनस्टाइन यांचा १९२५ सालचा 'बॅटलशिप पोटेमकिन'. जून १९०५ मध्ये काळ्या समुद्रातल्या पोटेमकिन नौकेवर झालेले बंड हा त्याचा विषय. इथे कॅमेरा डेकवरून खाली उतरतो. दाटीवाटीने टांगलेल्या झोळ्यांत खलाशी झोपलेले दिसतात. मांसात अळ्या वळवळतात, तरी जहाजाचा डॉक्टर म्हणतो, मांस चांगले आहे. भांडी धुताना एका खलाशाची नजर थाळीवर कोरलेल्या रोजच्या भाकरीच्या प्रार्थनेवर पडते आणि तो ती थाळी आपटून फोडतो.

ज्या ब्रिटनमध्ये 'अवर नेव्ही'चे कौतुक झाले, तिथेच 'पोटेमकिन'च्या सर्वसाधारण प्रदर्शनावर १९५४ पर्यंत बंदी होती.

ती थाळी फुटताना पाहिली की मला मुंबई आठवते. १८ फेब्रुवारी १९४६ रोजी कुलाब्याच्या 'तलवार' या नौदलाच्या प्रशिक्षण केंद्रात भारतीय नाविकांनी निकृष्ट अन्न नाकारले आणि काम थांबवले. गोऱ्या अधिकाऱ्यांच्या अपमानास्पद वागणुकीचा राग आधीपासून धुमसत होताच. बघता बघता बंड मुंबईच्या बंदरातून कराचीपर्यंत पोहोचले. चित्रपट पाहून हे घडले, असे मी म्हणत नाही. पण पोटेमकिनवर आणि 'तलवार'मध्ये ठिणगी जेवणावरूनच पडली.

म्हणून जुन्या चित्रफितींत नौदलाचे संचलन दिसले, की मी एक प्रश्न विचारतो: ही माणसे आज काय जेवली असतील? तुम्हीही विचारून पाहा. पुन्हा भेटू पुढच्या भागात.