एका मोफत पुस्तकाचा हिशेब

मांजरा नदीच्या खोऱ्यातल्या आमच्या कळंबला जून महिन्यात पाऊस कधी येईल याचा नेम नसतो, पण शाळेत पुस्तके येतात. मी सारी नोकरी गणित शिकवण्यात घालवली. नव्या पुस्तकांचे गठ्ठे सुटले, की मुले आधी वास घेतात आणि मग चित्रे पाहतात. पुस्तक कोणी लिहिले, हे कोणी पाहत नाही. मीही पाहत नसे. पुस्तक सरकारने दिले, एवढेच आम्हाला ठाऊक.

ते नाव शोधायला मला लावले २०१९ च्या जूनने. दुसरीच्या गणिताच्या नव्या पुस्तकात संख्या वाचण्याची वेगळी रीत आली होती. 'सत्तावीस'ला 'वीस सात', 'बासष्ट'ला 'साठ दोन'. महाराष्ट्रभर गदारोळ उठला. वर्तमानपत्रांतून टीका झाली, विनोद झाले, विधानसभेतही विषय गाजला. आमच्या चहाच्या टपरीवर मीच सर्वांत मोठ्याने बोलत होतो. माझे वडील निजामाच्या राजवटीत शिकले. कळंब तेव्हा हैदराबाद संस्थानात होते आणि माध्यमिक शाळेचे शिक्षण उर्दूतून होई. पावकी, निमकी, सवायकी, दिडकी त्यांनी घरी मराठीतून पाठ केली आणि माझ्याकडूनही करून घेतली. ते शब्द मला वडिलोपार्जित जमिनीसारखे वाटत. त्यांना कोणी हात लावलेला मला कसा खपावा?

रागातच मी पुस्तक उघडले. त्यामागे ज्यांची समिती होती, त्या अध्यक्षांचे नाव वाचून थबकलो. डॉ. मंगला नारळीकर.

मंगलाताईंचा जन्म १९४३ चा. १९६४ साली मुंबई विद्यापीठाच्या एम.ए. परीक्षेत त्या गणितात पहिल्या आल्या आणि त्यांना कुलपतींचे सुवर्णपदक मिळाले. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत त्यांनी काम केले. खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकर यांच्याशी विवाह झाल्यावर त्या केंब्रिजला गेल्या, तिथेही त्यांनी गणित शिकवले. भारतात परतल्यावर घर, मुली आणि संशोधन यांची सांगड घालत त्यांनी १९८१ मध्ये पीएच.डी. मिळवली. एम.ए. नंतर तब्बल सतरा वर्षांनी! विषय होता संख्यांच्या गूढ गुणधर्मांचा. पुढे पुणे विद्यापीठात त्यांनी अध्यापन केले. 'गणितगप्पा'सारख्या पुस्तकांतून त्या मराठी मुलांशी बोलत राहिल्या. आणि उतारवयात ही विदुषी दुसरीच्या पोराला बेरीज कशी समजेल, याचा विचार करत बसली होती.

बालभारतीची स्थापना २७ जानेवारी १९६७ ची. तिची पुस्तके सरकारी आणि अनुदानित शाळांतल्या पहिली ते आठवीच्या मुलांना मोफत मिळू लागली. पुढे ती संकेतस्थळावरूनही विनामूल्य उतरवून घेता येऊ लागली. अशा पुस्तकाच्या मुखपृष्ठावर लेखकाचे नाव नसते. समितीची नावे आत, बारीक टाइपात. मानमरातब नाही, पण उत्तर मात्र साऱ्या महाराष्ट्राला द्यावे लागते.

मंगलाताईंनी ते दिले. त्यांचे म्हणणे साधे होते. मराठीत संख्येच्या नावातली जोडाक्षरे लहान मुलांना जड जातात. शिवाय आपण बोलतो एका क्रमाने आणि लिहितो दुसऱ्या. 'सत्तावीस' म्हणताना आधी सात, मग वीस. लिहिताना आधी दोन, मग सात. एकट्या 'दोन'ची रूपे पाहा : बावीस, बत्तीस, बेचाळीस, ब्याण्णव. आणि आमच्या उमरग्याच्या पलीकडे कर्नाटकात गेले, की माणसे सत्तावीसला 'इप्पत्तेळु' म्हणतात. म्हणजे वीस आधी, सात नंतर. नवी रीत काही परग्रहावरून आलेली नव्हती. जुने शब्दही पुस्तकातून काढलेले नव्हते. दोन्ही रीती शेजारी शेजारी होत्या.

हे सारे वाचूनही माझा अहंकार मोडला नव्हता. तो शेजारच्या मुलीने मोडला. ती संध्याकाळी अभ्यासाला येई. मी म्हणालो, "त्र्याहत्तर लिही." तिने ३७ लिहिले. पुन्हा सांगितले, पुन्हा ३७. चाळीस वर्षांपूर्वीचा मी असतो, तर 'लक्ष नाही तुझं' म्हणून मोकळा झालो असतो. त्या दिवशी म्हणालो, "सत्तर तीन लिही." तिने क्षणात ७३ लिहिले आणि माझ्याकडे पाहिले. "गुरुजी, मग आधीच असं का नाही सांगितलं?"

त्या रात्री मला झोप लागली नाही. नोकरीच्या काळात किती मुलांच्या वहीत मी ३७ वर लाल फुली मारली असेल? त्यांतली किती 'आपल्याला गणित येत नाही' म्हणून शाळा सोडून ऊसतोडीला गेली असतील? चूक गणिताची नव्हती, शब्दाची होती. ती माझ्या लक्षात आली नाही, आणि जिने संख्यांच्या गूढावर प्रबंध लिहिला, तिच्या आली.

असा बदल जगात आधीही झाला आहे. नॉर्वेमध्ये पूर्वी आपल्यासारखेच एकक आधी बोलत. टेलिफोनचे क्रमांक ऐकताना गोंधळ होई. १ जुलै १९५१ पासून तिथे सरकारी रीत बदलली आणि दशक आधी बोलायचे ठरले. तरी लोकांच्या बोलण्यातून जुनी रीत गेली नाही, दोन्ही नांदल्या. आमच्या बाजारातही भाजीवाली 'त्र्याहत्तर रुपये'च म्हणते, आणि पोरीला तेही कळायला हवे. म्हणून मी तिला दोन्ही शिकवले. आधी सत्तर तीन, मग त्र्याहत्तर. वडिलांचे शब्द शाबूत राहिले. फक्त तिथवर चढायला एक पायरी मिळाली.

१७ जुलै २०२३ रोजी मंगलाताई पुण्यात निवर्तल्या. बातमी वाचली तेव्हा ती शेजारची मुलगी पुढच्या वर्गांत गेली होती. तिला मी त्यांचे नाव सांगितले. तिने माळ्यावरून ते जुने, कोपरे दुमडलेले पुस्तक काढले आणि आतली बारीक अक्षरे बोटाने वाचली.

फुकट मिळालेल्या वस्तूची किंमत नसते, असे आपण म्हणतो. या पुस्तकाची किंमत कोणीतरी आपल्या विद्वत्तेने, वेळेने आणि थट्टा सोसून आधीच चुकती केली होती. आपल्यावर उरते ते एवढेच, की ते नाव एकदा वाचावे.